आश्रुबाच्या घरचा भंडार

पिंपळझरीत जनसंघाच्या पणतीला पहिलं मत पडलं ते आश्रुबाचं, आणि दुसरं त्याच्या बायकोचं, कडूबाईचं. बासष्ट सालच्या त्या निवडणुकीत तिसरं मत नव्हतंच. दोन मतांचा निकाल गावात आला तेव्हा पारावरच्या मंडळींनी आश्रुबाला हाका मारून विचारलं, "का रं, घरात फूट न्हाई पडली म्हनायची!" आश्रुबा हसला. कडूबाईला मात्र लाज वाटली. आपण कुठं शिक्का मारला हे आता अख्ख्या गावाला माहीत, या विचारानं ती दोन दिवस पाण्याला गेली तरी पदर डोळ्यांवर ओढून गेली.

आश्रुबा धनगर. दिंद्रुडपासून दोन कोसांवरच्या या गावात त्याच्या आज्यानं मेंढरं आणून बसवली, बापानं सहा एकर मुरमाड रान घेतलं, आणि आश्रुबा निम्मा मेंढका, निम्मा शेतकरी असा राहिला. त्याला राजकारणाचं वेड कुठून लागलं हे कडूबाईला कधी नीट कळलं नाही. माजलगावचे पंडितगुरुजी सायकलवर येत, खांद्याला शबनम, त्यात कागद. गावात त्यांना पाणी विचारणारं घर नव्हतं, कारण गाव सगळं काँग्रेसच्या बैलजोडीचं. एकदा ते उन्हाचे आश्रुबाच्या दारात टेकले. कडूबाईनं ताक दिलं. गुरुजींनी देश, धर्म, गाय, शेतकरी असं बरंच सांगितलं आणि शेवटी विचारलं, "मतदानादिवशी आमच्याकडून केंद्रावर बसायला माणूस नाही. बसशील का?"

"बसायचं म्हंजे काय करायचं?"

"काही नाही. बसायचं. आपला एक माणूस आहे हे दिसलं पाहिजे."

मेंढक्याला बसून राहणं शिकवावं लागत नाही. आश्रुबा बसला, आणि मग पुढची दहा वर्षं बसतच राहिला. सदुसष्टला पणतीची चौदा मतं झाली. त्या चौदांची नावं तो मेंढरांच्या नावांसारखी पाठ म्हणायचा. पण त्याला खरी टोचणी होती ती सोसायटीची. गावच्या विविध कार्यकारी सोसायटीत बी यायचं, खत यायचं, पुढं धान्याचं दुकानही तिच्याकडंच आलं. तिच्या पंचांत पहिल्यापासून एकाच भावकीची माणसं, आणि चेअरमन मोहनराव. मोहनराव काही राक्षस नव्हते. अडल्यानडल्याला उभे राहायचे. पण कुणासाठी उभं राहायचं आणि कुणाला वाट बघायला लावायची, हे त्यांच्या हातात होतं. मेंढक्यांच्या घरांना नेहमी वाटच बघावी लागे. गुरुजी म्हणायचे, "दिल्लीत आपली माणसं निवडून जातात, आश्रुबा, पण गावच्या सोसायटीच्या दारात आपल्याला कुणी उभं करत नाही. सहकार त्यांचा, आपण उंबऱ्याबाहेर." हे वाक्य आश्रुबाच्या जिव्हारी लागलं होतं.

बहात्तरच्या चैत्रात सोसायटीतली एक पंचाची जागा रिकामी झाली. मोहनरावांनी पुतण्याला, आसारामला, उभं केलं. आणि आश्रुबानं अर्ज भरला.

आता आश्रुबाच्या घरची एक गोष्ट सांगायला हवी. त्याच्या देवळीत खंडोबाच्या टाकापुढं एक पितळी डबी असे. आज्यानं जेजुरीहून आणलेला भंडार तीत होता. दर चंपाषष्ठीला जेजुरीचा नवा भंडार आणायचा, जुन्यात मिसळायचा, पण डबी कधी रिकामी करायची नाही, असा घरचा नेम. म्हणजे आज्याच्या हातची चिमूट अजून त्यात आहे असं सगळे मानायचे. पंचक्रोशीत बांधाचं भांडण असो, चोरीचा आळ असो, माणसं आश्रुबाच्या दारात येत. घोंगडी अंथरायची, ताटात डबीतला भंडार ओतायचा, वर बेलाचं पान. त्यावर हात ठेवून जो बोलेल ते खरं. पोलीस पाटीलसुद्धा म्हणायचे, ठाण्यात माणूस खोटं बोलेल, आश्रुबाच्या घोंगडीवर नाही. नवा भंडार जुन्यात मिसळायचं काम कडूबाईचं. लग्न होऊन आली त्या वर्षापासून तिनं ते एकदाही चुकवलं नव्हतं.

मतदानाला चार दिवस राहिले तेव्हा आश्रुबानं ठरवलं, आपल्या माणसांना बेलभंडार उचलायला लावायचा. गुरुजी सायकलवरून उतरले आणि हे ऐकून तसेच उभे राहिले.

"हे करू नकोस. मत ही माणसाच्या मनातली गोष्ट आहे. देवाला त्यात कशाला ओढतोस?"

"लोक देवाच्याच आणेला जागतेत, गुरुजी. भाषनाला न्हाई जागत."

"आणि नाही जागले तर?"

आश्रुबानं हा विचारच केला नव्हता. त्याच्या हयातीत त्या घोंगडीवर कुणी खोटं बोललं नव्हतं. बोललं असेल तर त्याला कळलं नव्हतं. गुरुजी पाणी न पिताच निघून गेले.

सोसायटीचे सभासद चौऱ्याण्णव. त्यातल्या, आश्रुबा स्वतः धरून, बावन्न जणांनी त्याच्या दारात भंडार उचलला. त्यात भिवराबाई होती. भिवराबाई कडूबाईची शेजारीण, कुडाला कुड लागून घर. नवरा चार वर्षांपूर्वी विहिरीच्या कामावर मेला. दिरांनी रान बळकावायचं ठरवलं होतं, तेव्हा मोहनरावांनी तलाठ्यापुढं उभं राहून सातबारा तिच्या नावावर केला आणि तिला सोसायटीची सभासदही करून घेतलं. हे उपकार ती विसरली नव्हती. म्हणून ती दारात येत नव्हती. कडूबाई गेली आणि तिचा हात धरून घेऊन आली.

"चल की गं. तू काय परकी हायस? तुजं मत घरचंच."

"कडू, मोहनरावांनी माजं रान वाचवलंय गं."

"मग काय जल्मभर त्यांच्याच वळचनीला राहायचं? चल."

भिवराबाईनं घोंगडीवर पाय ठेवला, बेलाच्या पानावर हात ठेवला, तोंडातल्या तोंडात काहीतरी बोलली आणि घरी गेली. तिचा हात थंड होता हे कडूबाईला नंतर पुष्कळदा आठवलं.

मतमोजणी सोसायटीच्या ओट्यावरच झाली. आश्रुबाला एकवीस मतं पडली.

बावन्नातून एकवीस गेली की एकतीस राहतात. हे गणित शाळेत न गेलेल्या बाईलाही येतं. आसारामच्या माणसांनी गुलाल उधळला आणि त्याच्यापुढं आश्रुबा हात जोडून उभा राहिला. हरलेल्यानं तसं करायचं असतं. घरी आल्यावर तो जेवला, मेंढरांना पाणी दाखवलं, आणि कडूबाईला म्हणाला, "एकतीस जनांनी मल्हारीला बुडवलं." त्याच्या आवाजात राग नव्हता. एवढा हबकलेला तिनं त्याला पूर्वी पाहिला नव्हता.

ही गोष्ट त्यानं तिथंच गिळून टाकायला हवी होती. पण माणसाला जखम उघडी टाकायची हौस असते. पारावर, बाजारात, मेंढरांमागं, जो भेटेल त्याला तो सांगत सुटला, की एकतीस जणांनी देवाची आण मोडली, देव बघून घेईल. बोलणारा बोलून मोकळा होतो. ऐकणाऱ्या एकतीस जणांना रात्री झोप लागली नसेल, हे त्याच्या ध्यानातही आलं नाही.

मग मृग कोरडा गेला. आर्द्रा कोरडी गेली. पेरलेलं बी मातीत भाजलं. त्या वर्षी नुसतं पिंपळझरीलाच नाही, सगळ्या मुलखाला दुष्काळानं धरलं होतं. पण प्रत्येक गावाला आपला दुष्काळ आपल्याच पापाचा वाटतो. भादव्यापर्यंत बायका विहिरीवर कुजबुजायला लागल्या. कोण ते एकतीस? जो तो दुसऱ्याकडं बघायचा. ज्यांनी आण मोडली नव्हती तेही भ्यायले, कारण गाव एकाच आभाळाखाली. आण मोडणाऱ्यांपैकी कुणी देवळात नारळ फोडले, कुणी कोंबडं दिलं, आणि बहुतेक जण विसरून गेले. पोटाची चिंता पापाच्या चिंतेपेक्षा मोठी, हे त्यांच्या पथ्यावर पडलं.

भिवराबाई मात्र विसरली नाही. तिची लेक बायना पहिल्या बाळंतपणाला आली होती. पोरगं श्रावणात जन्माला आलं आणि बारशाआधी गेलं. दसऱ्याला दावणीचा एक बैल चाऱ्याविना बसला तो उठला नाही. ज्या दिवशी त्याला ओढून नेलं त्या दिवशी भिवराबाई कडूबाईच्या दारात येऊन उभी राहिली.

"कडू, मी त्या एकतिसातली हाय."

कडूबाई उंबऱ्यातच खाली बसली.

"पेटीपुढं गेले अन् मोहनरावांचं त्वांड दिसलं गं. माज्या रानात उभे होते ते. मी आसारामवर शिक्का मारला. आता देवानं नातू नेला, बैल नेला. बायना उरलीया. तिला नेऊ नगं म्हनून सांग की तुज्या मालकाला. त्याच्या घरचा देव हाय."

कार्तिकात गावाबाहेर पाझर तलावाचं काम निघालं. अख्खं गाव तिथं गेलं. ज्यांच्या वाड्यात कधी गडी राबले त्यांच्या सुनाही पाट्या उचलायला लागल्या, आणि आश्रुबाही. मेंढरं निम्मी विकली होती, निम्मी छावणीच्या वाटेवर मेली. कामावर दुपारी सुकडी, भाजल्या पिठाचं सरकारी खाणं, मिळायची, आणि सोसायटीच्या दुकानात परदेशातली तांबडी मिलो ज्वारी. तिची भाकरी तव्यावरच मोडायची. मोहनराव सोसायटीच्या गाडीबरोबर स्वतः येत आणि पोती उतरवून घेत. त्या वर्षी त्यांनी कुणाला वाट बघायला लावली नाही, हे सांगितलं पाहिजे.

मार्गशीर्षातले खंडोबाचे सहा दिवस आले. भिवराबाईनं उपास धरला. घरोघर कुणी ना कुणी धरतंच, त्यामुळं कुणाला वावगं वाटलं नाही. चंपाषष्ठीला सगळ्यांनी सोडला. वांग्याचं भरीत करायचा रिवाज, पण त्या साली वांगं दिसलं असतं तर माणसांनी त्याचीच पूजा केली असती. मिलोच्या भाकरीवर भागवलं. भिवराबाईनं सोडला नाही. सातव्या दिवशी ती पाटी उचलायला आली, आठव्या दिवशीही आली. पाणी तेवढं प्यायची. बायना रडली, पाया पडली. ती म्हणाली, "देवानं माज्यावरच घ्यावं, तुज्यावर नगं. मी अन्न सोडलंय."

आश्रुबा त्या दिवसांत पार वाळला. त्याला आता कळलं होतं आपण काय केलं ते. चंपाषष्ठीलाच त्यानं भावकीतले पाच गडी बोलावून तळी भरली होती, ताट उचललं होतं, आणि येळकोटाचा गजर झाल्यावर मोठ्यानं म्हणाला होता, "देवा, आन मोडनाऱ्या सगळ्यांना आमी मोकळं केलं. तूबी कर." मग तो भिवराबाईच्या दारात गेला आणि तिला तसं सांगितलं.

ती भिंतीला टेकून बसली होती. "तुमी मोकळं केलं, भाऊ. देवानं केलं का? त्यानं केलं आसतं तर आभाळ आलं आसतं."

पंडितगुरुजींनाही त्यानं बोलावून आणलं. त्यांनी तिला समजावलं, की मताची शपथ कायद्यानंच चालत नाही, तिला काही अर्थ नाही. भिवराबाईनं सगळं शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, "गुरुजी, कायदा कुनाचा? मल्हारीचा हाय का?" गुरुजी आयुष्यभर धर्माच्या बाजूनं बोलले होते. सायकल हातात धरून ते वेशीपर्यंत चालत गेले.

नवव्या दिवशी सकाळी आश्रुबा देवळीपुढं बसला होता. त्यानं डबी काढली आणि पदराच्या टोकानं पुसावी तशी पटक्याच्या टोकानं पुसली.

"कडे, आज कामावर मी ही घेऊन जानार."

"कावून?"

"सगळ्यांपुढं आन घेतो. सांगतो, का त्या दिवशी ताटात भंडार न्हवताच. डबी रिकामी झालती. म्या दिंद्रुडच्या बाजारातली हळद घातलती. देवाचा भंडारच न्हवता, तर आन कशाची? आन न्हाई, तर मोडली कुठं?"

कडूबाईला आधी ते समजलंच नाही. समजलं तेव्हा तिनं डबीवर हात ठेवला. "पन भंडार हुता. माज्या हातानं मिसळलाय म्या. जेजुरीचाच हुता."

"हुता की."

"म्हंजे तुमी खऱ्या भंडारावर हात ठिऊन खोटं बोलनार?"

"त्याबिगर ती मानायची न्हाई. दुसरं काय बी सांगितलं तरी न्हाई मानायची."

कडूबाई त्याच्यापुढं येऊन उभी राहिली. आयुष्यात पहिल्यांदा ती नवऱ्यावर ओरडली. तीन पिढ्यांची डबी, तीन पिढ्यांचा विश्वास, एका बाईपायी? तिनं आण मोडली तर तिचं ती बघेल. आपल्या पोरीचं लग्न व्हायचंय, तिला कोण करील? आणि देव? "तुमच्यावर पडलं तर माज्यावर न्हाई पडनार व्हय? मी काय येगळ्या घरात ऱ्हाते?"

आश्रुबा म्हणाला, "तिला दारात कुनी आनलं, कडे?"

एवढंच बोलला. कडूबाई मागं सरली. त्यानं हे बोलायला नको होतं असं तिला वाटलं, आणि ते खरं आहे हेही कळलं. दोन्ही एकदमच वाटलं, आणि ती बाजूला झाली.

दुपारी सुकडीची सुट्टी झाली. भिवराबाई बाभळीखाली आडवी होती. सकाळी पाटी उचलता उचलता खाली बसली ती उठली नव्हती. कडूबाईनं तिचं डोकं मांडीवर घेतलं होतं. बायना सुकडीची थाळी घेऊन शेजारी बसली होती. आश्रुबानं उन्हात घोंगडी अंथरली. ताट मांडलं, डबी पालथी केली. पिवळा ढीग बघून माणसं आपसूक उठून गोळा झाली. मोहनराव गाडीजवळून पुढं आले. आसाराम आला.

आश्रुबा पायातलं काढून घोंगडीवर उभा राहिला. बेलाचं पान हातात घेतलं, ताटावर हात ठेवला. त्याचा आवाज मेंढरं हाकून कमावलेला, सगळ्या तळ्यावर ऐकू गेला.

"मल्हारीची आन घेऊन सांगतो. ह्यो खरा भंडार हाय, चंपाषष्ठीचा. चैतात मतासाठी तुमी जो उचलला तो भंडार न्हवता. डबी रिकामी हुती. मला पंच व्हायची हाव सुटलती. म्या बाजारची हळद ताटात घातली अन् तुमच्याकडून आन घेतली. ती आन न्हवती. कुनी मोडली न्हाई. पाप आसंल तर माजं हाय."

मग आसाराम पुढं झाला. "म्हंजे देवाच्या नावानं गावाला हळद चारली बे तू?"

"चारली."

लोक एकदम पेटले. जे मेलं, जे वाळलं, जे विकलं, त्या सगळ्याचा राग काढायला माणूस मिळाला. कुणी ढेकूळ मारलं, ते त्याच्या खांद्यावर फुटलं. भावकीतला म्हातारा थुंकला. ज्यांनी आण मोडली होती ते सर्वांत मोठ्यानं शिव्या देत होते, आणि त्यांच्या चेहऱ्यावर सहा महिन्यांनी रक्त आलेलं कडूबाईला दिसत होतं. मोहनरावांनी हात वर करून माणसं थोपवली. त्यांनी आश्रुबाकडं बराच वेळ पाहिलं. त्यांना काय कळलं, किती कळलं, देव जाणे. ते एवढंच म्हणाले, "सोडा त्याला. जावा आपापल्या कामाला."

मांडीवरचं डोकं हललं. भिवराबाई कोपरावर उठू लागली.

"कडू, काय म्हनला त्यो? हळद हुती?"

कडूबाईनं होकाराची मान हलवली.

"मंग माजा नातू... बैल..."

"दुष्काळ हाय, आई," बायना म्हणाली. "सगळ्यांचेच मेले."

भिवराबाईनं आश्रुबाकडं बोट केलं आणि होता नव्हता तेवढा जीव आवाजात आणला. "आरं मेल्या! तुज्या पायी मी नऊ दीस उपाशी! तुजं तळपट हुईल! देवाशी खोटं बोलतो! तुज्या त्वांडात माती पडंल!" तिला धाप लागली. तिनं बायनाच्या हातातली थाळी ओढून घेतली, आणि शिव्या देत देत सुकडी खाल्ली. सगळी खाल्ली. हनुवटीला लागलेलीही पुसून खाल्ली.

आश्रुबा घोंगडी गोळा करत होता. त्यानं ते पाहिलं. कडूबाईनं त्याला पाहिलं. तिला तो त्या घडीला फार आवडला, आणि तितकाच नकोसाही झाला.

दुष्काळ सरला, पाऊस आला, घरात चार मेंढरं पुन्हा आली. आश्रुबाच्या घोंगडीवर मात्र पुन्हा कुणी आलं नाही. घर फिरलं की घराचे वासेही फिरतात. भावकीनं तळीचं ताट त्याला उचलू दिलं नाही. ठरलेली सोयरीक मोडली, पोरगी पुढं लांब उदगीरकडं द्यावी लागली. पंडितगुरुजी एकदा आले आणि म्हणाले, "आश्रुबा, मला तरी खरं सांग." तो म्हणाला, "सांगितलंय तेच खरं. गुरुजी, आता गावात दुसरा मानूस बघा. माज्या नावानं मत मागाल तर हाय ते बी जाईल." गुरुजींनी दुसरा माणूस पाहिला. आणीबाणीत गुरुजी तुरुंगात गेले तेव्हा आश्रुबा दर महिन्याला ज्वारीची पिशवी डोक्यावर घेऊन माजलगावला त्यांच्या घरी चालत जायचा. ते त्यानं गावात कुणाला सांगितलं नाही, आणि विचारायला कुणी होतंही नाही.

सत्त्याहत्तरला पणती गेली, जनता पक्षाचा नांगरधारी शेतकरी आला. ऐंशीला पक्षाला नवं नाव मिळालं आणि कमळ आलं. आश्रुबा प्रत्येक वेळी मत देऊन यायचा आणि परत मेंढरांमागं जायचा. हळूहळू गावात पक्ष वाढला. चौदाची शंभर झाली, शंभराची तीनशे. ज्या आसारामनं त्याला बे म्हटलं होतं त्याचा पोरगाही एक दिवस गळ्यात नवा गमछा घालून फिरला. पंच्याण्णव साली मुंबईत युतीचं सरकार आलं तेव्हा पिंपळझरीत फटाके वाजले, जीपगाड्या आल्या. त्या पोरांना आश्रुबा ठाऊक होता तो "हळदीवाला म्हातारा" म्हणून.

मेंढरू मेलं, कडूबाई ओट्यावरून पडली, लेकीला मूल राहीना, की त्याचा चेहरा काळवंडायचा. तो तसं बोलून दाखवत नसे, पण तो काय मोजतोय हे कडूबाईला कळायचं. तेवीस वर्षं तो देवाच्या फटक्याची वाट बघत जगला. एकदा तिनं विचारलं, "पस्तावा होतो का वो?" तो म्हणाला, "भिवरा आज बाजारला गेलती. दोन डोक्यांची वैरन उचलून आली." त्याचं उत्तर एवढंच होतं.

पंच्याण्णवच्याच श्रावणात तो गेला. सकाळी उठला नाही. दुखणं नाही, काही नाही. असं मरण पुण्यवानाला येतं म्हणतात.

मयतीला माणसं थोडी. पंडितगुरुजी आले होते, दोन काठ्या टेकत. त्यांनी बोलायला तोंड उघडलं, "हा या गावातला पक्षाचा पहिला..." आणि मागून कुणीतरी हळूच हसलं. गुरुजी थांबले. त्यांनी गळ्यातला गमछा काढून त्याच्या पायांवर ठेवला आणि बाजूला झाले.

भिवराबाई आली. साठी उलटलेली, पण ताठ. तिच्या मागं बायनाची दोन पोरं, मोठी झालेली. ती आश्रुबाच्या डोक्याशी बसली. तिनं त्याच्या कपाळावरची माशी हाकलली. मग कडूबाईकडं वळली.

"मानूस वाईट न्हवता गं, कडू. शेजार चांगला केला. पन देवाशी खोटा वागला, म्हनून माजं मन कधी जुळलं न्हाई. आज त्यो समोर हाय, खोटं बोलू नगस. एकदा सांग मला. खरंच हळदच हुती का?"

बायकांचं रडणं थांबलं. गुरुजींनी मान वर केली. कडूबाईनं नवऱ्याच्या तोंडाकडं पाहिलं. डबी तिनं भरली होती. जगात आता ही गोष्ट ठाऊक असलेली ती एकटीच होती. एक शब्द बोलली असती तर तेवीस वर्षांचा डाग तिथंच धुतला गेला असता, आणि तो माणूस चांगल्या नावानं चितेवर गेला असता. भिवराबाईच्या मागं तिची नातवंडं उभी होती. थोरल्याच्या कडेवर त्याचं तान्हं पोर होतं.

कडूबाईनं हात पुढं केला आणि नवऱ्याच्या छातीवर ठेवला.

"ह्यांची आन घेऊन सांगते, भिवरा," ती म्हणाली. "बाजारचीच हळद हुती. म्याच आनून दिलती."